एनेकोचं बारसं आणि माझा विश्वंभर

माझ्या नातवाच्या बारशाला त्याच्या आत्याला मारहाण झाली आणि बाळाचं नाव भलतंच जाहीर झालं. पहिल्या गोष्टीला मी जबाबदार नाही. दुसरीलाही नाही, असं मी बरेच दिवस म्हणून पाहिलं. पण घरात माझं ऐकतो कोण!

सुरुवात झाली ती एका व्हिडिओ कॉलने. आमची मुक्ता आयडाहोतल्या बॉयसी गावात असते. (आम्ही राहतो त्या पार्सिपनीहून तिकडे जाण्यापेक्षा मुंबईला जाणं सोपं, असं माझं प्रामाणिक मत आहे. निदान मुंबईला थेट विमान तरी आहे!) तिचा नवरा मिकेल हा बास्क. म्हणजे स्पॅनिशही नव्हे आणि फ्रेंचही नव्हे. त्या दोन देशांच्या मधल्या डोंगरात राहणारे हे लोक, आणि त्यांची भाषा जगातल्या कुठल्याच भाषेशी नातं सांगत नाही. मिकेलचे आजोबा मेंढ्या राखायला म्हणून आयडाहोत आले आणि इथलेच झाले. जावई म्हणून पोरगा सोन्यासारखा आहे. माझे पुतणे-भाचे हाक मारतात ते ऐकून तोही मला "बाळकाका" म्हणतो. सासऱ्याला काका म्हणत नाहीत हे त्याला कुणी सांगितलं नाही, आणि आता सांगून उपयोग नाही.

"बाबा, बाळाचं नाव ठरलं!" मुक्ता म्हणाली. बाळ यायला अजून दोन महिने होते, पण मुलगा आहे हे कळलेलं होतं. "एनेको!"

"एने... काय?"

"एनेको. बास्क नाव आहे. क्यूट आहे ना?"

आमच्या सौ. सुनंदाबाई मागून ओरडल्या, "छान आहे गं!" ही बाई कशालाही छान म्हणते. बघायला गेलो होतो तेव्हा तिने मलाही छानच म्हटलं होतं.

"अर्थ काय त्याचा?" मी विचारलं.

"मिकेलला विचारून सांगते. आत्ता मीटिंग आहे, बाय!"

माझा चेहरा पडला. कारण नाव माझ्या मनात आधीच ठरलेलं होतं: विश्वंभर. माझ्या वडिलांचं नाव. आमच्याकडे पणजोबांचं नाव पणतवाला ठेवायची पद्धत आहे, आणि मुक्ता आमची एकुलती एक. विश्वंभराला घरात परत यायला एवढं एकच दार उरलं होतं, आणि त्यावर आता एनेको अशी पाटी लागत होती. खरं सांगायचं तर मला नुसता राग आला नव्हता, भीती वाटली होती. आडनाव त्यांचं, गाव त्यांचं, आता नावही त्यांचं. मग हा पोरगा आमचा आहे हे ओळखायचं कशावरून? नाकावरून? धड नाक आमच्या घराण्यात कुणालाच नाही!

शेवटी न राहवून मी स्वतःच अर्थ शोधायला बसलो. पहिल्याच साइटवर लिहिलं होतं: एनेको म्हणजे अग्नी. मी खुर्चीतून उठलोच! अग्नी म्हणजे आपलाच की! संध्याकाळपर्यंत मी पार्सिपनीतल्या सगळ्या ओळखीच्या घरी फोन करून कळवलं की नाव कानाला परकं लागलं तरी मूळ वैदिक आहे. शेजारच्या जोशांनी तर "मला वाटलंच होतं" असंही म्हणून टाकलं. दुसऱ्या दिवशी दुसऱ्या साइटवर एनेको म्हणजे राजा निघाला. तिसऱ्या साइटवर तो डोंगराचा उतार होता. चौथीवर ती मुलगी होती! जोशांना आता काय सांगायचं या विचाराने मी त्यांच्या बाजूच्या फुटपाथवरून चालायचंच सोडलं.

अखेर मिकेलने व्हिडिओ कॉलवर खुलासा केला. (संभाषण इंग्रजीत झालं, सोयीसाठी मराठीत देतो.)

"बाळकाका, ते अग्नीबिग्नी मागाहून कुणीतरी एका लॅटिन नावाशी जुळवून टाकलंय. आमच्या भाषेत एने म्हणजे माझा आणि को म्हणजे छोटासा. एनेको म्हणजे माय लिटल वन."

"माझा छोटुकला?" मी किंचाळलो. "अरे, हे काय नाव झालं? तो मोठा होणार आहे ना कधीतरी? साठीला आला, मिशा पिकल्या, तरी लोकांनी त्याला छोटुकला म्हणायचं? उद्या सर्जन झाला तर? पेशंट टेबलावर पडून विचारणार, ऑपरेशन कोण करतंय? तर म्हणे छोटुकला! पेशंट उठून पळून जाईल!"

मिकेल पडद्यावरून माझ्याकडे जरा विचित्र नजरेने बघत राहिला. सुनंदा त्याच वेळी पदर तोंडाला लावून खोकत होती. मी तिला पाणी आणून दिलं.

यथावकाश बाळ आलं. गोरं, गुबगुबीत, आणि नाक आमचंच, म्हणजे जवळजवळ नाहीच. त्याला मांडीवर घेतलं आणि मी ठरवून टाकलं की विश्वंभराला मागच्या दाराने का होईना, आत आणायचं. माझ्याकडे युक्ती होती. बारशाला बाळाच्या कानात नाव कोण सांगतं? आत्या! आणि ही आत्या म्हणजे मिकेलची धाकटी बहीण, माइते. ती आग विझवणाऱ्यांच्या दलात आहे, माझ्याहून वीतभर उंच आहे, आणि स्वभावाने इतकी गरीब की कुणी काही मागितलं तर नाही म्हणत नाही.

बारशाच्या आदल्या दिवशी मी तिला गॅरेजमध्ये गाठलं.

"माइते, उद्या तू बाळाच्या कानात हे नाव सांगायचंस. विश्वंभर."

"विश... वॅम्बर?"

"वि-श्वं-भर. माझ्या वडिलांचं नाव."

"सुंदर आहे. अर्थ काय?"

"जो सबंध विश्वाचं पालनपोषण करतो."

"बाळकाका," ती हळूच म्हणाली, "तो जेमतेम नऊ पाउंडांचा आहे हो."

"सावकाश करेल. तू म्हण, वि-श्वं-भर."

पोरीने घोकून घोकून नाव असं बसवलं की आमच्या पुण्याच्या आत्येलाही जमलं नसतं. मग तिने विचारलं, "मुक्ताला माहितीये ना?"

"ते कानातलं असतं," मी म्हणालो. "कानात सांगायचं आणि सोडून द्यायचं. कुणाला कळायचं कारणच नाही."

यात लबाडी नव्हती, माझा तसा खरोखर समज होता! जन्मात मी पन्नास तरी बारशी जेवलो असेन, पण एकही पाहिलेलं नाही. आमच्याकडे बारसं बायकांनी आत करायचं आणि पुरुषांनी बाहेर बसून सरकार पाडायचं, अशी विभागणी आहे. आतून घुगऱ्या आल्या की समजायचं, झालं बारसं. त्यामुळे बारशाला काय काय खातात हे मी सविस्तर सांगू शकतो. काय काय करतात ते मात्र विचारू नका.

दुसऱ्या दिवशी मिकेलच्या आईवडिलांच्या परसात बारसं मांडलं. एका कोपऱ्यात त्यांचं कोकरू निखाऱ्यावर भाजलं जात होतं, दुसऱ्या कोपऱ्यात आमच्या घुगऱ्या आणि जिलब्या होत्या, आणि मध्ये मिकेलच्या काकाने स्वतः बनवलेला लाकडी पाळणा. केकवर निळ्या अक्षरांत एनेको लिहिलेलं. बॉयसीतली मराठी मंडळी नटूनथटून आली होती, देशपांडे आणि देशपांडेकाकू सगळ्यांत पुढे. पाळण्यासमोरच्या खुर्चीत मिकेलची आजी बसली होती. तिला सगळे अमुमा म्हणतात. बास्कमध्ये अमुमा म्हणजे आजी.

आमच्या बायकांनी बाळाला पाळण्याच्या वरून आणि खालून एकीकडून दुसरीकडे द्यायला सुरुवात केली, तेव्हाच अमुमा खुर्चीच्या कडेवर आली. "खालून का देतायत त्याला? पडेल ना!" पण खरा प्रसंग पुढेच होता. माइते बाळाच्या कानाशी वाकली आणि आमच्या बायकांनी रीतीप्रमाणे "कुर्रर्र" करत तिच्या पाठीत धपाटे घालायला सुरुवात केली. ही पद्धत तिकडच्या मंडळींना आधी सांगून ठेवायला हवी होती, हे पहिल्या धपाट्याला माझ्या लक्षात आलं.

"त्या तिला मारतायत का?" अमुमा काठी घेऊन उभी राहिली. कोकरू भाजणारे दोन काका चिमटे हातात घेऊन धावत आले. "इट्स ट्रॅडिशन! इट्स लव्ह!" मुक्ता ओरडत होती. देशपांडेकाकूंना इतका जोर चढला होता की त्यांनी सगळं थांबल्यावरही आणखी एक घातला. "आय ॲम ओके!" खालून माइतेचा आवाज आला. मी लांबून घुगऱ्यांचा बकाणा भरला. नाव कानात गेलं होतं. माझं काम झालं होतं!

आणि मग देशपांडेकाकू म्हणाल्या, "हं, आत्याबाई, आता नाव मोठ्याने सांगा सगळ्यांना!"

मोठ्याने? सगळ्यांना? घुगरी माझ्या घशात अडकली. हे कधीपासून? माइते सरळ उभी राहिली आणि तिने माझ्याकडे पाहिलं. मी जिवाच्या आकांताने मान हलवली. नको! नको! पण या घराशी संबंध आल्यापासून माइतेने एकच गोष्ट पक्की शिकून घेतली होती: या लोकांनी मान कशीही हलवली तरी तो होकार!

"विश्वंभर!" तिने आरोळी ठोकली. आग लागलेल्या इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावरच्या माणसाला ऐकू जावा असा तो आवाज होता.

कुठल्यातरी पोराने टाळ्या वाजवल्या आणि मग स्वतःच थांबवल्या. बास्क मंडळी एकमेकांकडे बघू लागली. "कोण?" एका काकाने विचारलं. दुसऱ्याने केककडे बोट दाखवलं. अमुमा घाबरून पाळण्यात डोकावली. "मग एनेको कुठे गेला?" तिला बहुतेक वाटलं, बाळ वरून-खालून देताना बदललं!

मुक्ता सगळं समजून चुकली होती. "बाबा!"

एवढंच म्हणाली, पण मी दोन पावलं मागे सरकलो.

"आवडलं नव्हतं तर मला सांगायचं ना! असं चोरून?" तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. मुलीच्या डोळ्यांत पाणी बघून शहाणा माणूस माफी मागतो. मी भाषण सुरू केलं.

"मी त्याच्याच भल्याचं बघतोय! छोटुकला हे काय नाव आहे? जन्मभर? नातवंडं झाल्यावरसुद्धा? लोक हसतील त्याला! चार माणसांत कुणी हाक मारली तर मान वर काढता येणार नाही!"

"बाळकाका, पण..." देशपांडे म्हणाले आणि त्यांनी जिलबी तोंडात घातली.

"पण काय? बोला ना!"

"काही नाही, बाळकाका."

सगळे माझ्याकडे बघत होते. सुनंदाला पुन्हा खोकला लागला होता. तेवढ्यात अमुमाने मुक्ताचा हात ओढून विचारलं, "याला सगळे बाळ, बाळ म्हणतात. त्याचा अर्थ काय गं?"

मुक्ताने डोळे पुसले. माझ्याकडे पाहिलं. आणि रडता रडता तिला हसू फुटलं. "लिटल वन, अमुमा. याचा अर्थ लिटल वन."

त्या परसात जो हशा उसळला तो शेजारच्या मेंढ्यांनी ऐकला असेल. एक मीच तेवढा हसत नव्हतो. अडुसष्ट वर्षांचा माणूस, मिशा पिकलेल्या, हातात घुगऱ्यांचा द्रोण!

अमुमा काठी टेकत माझ्यापाशी आली. "आणि तुझं खरं नाव?"

"चक्रपाणी."

"हो का!" देशपांडेकाकू म्हणाल्या. "अय्या, मीसुद्धा विसरले होते!" सुनंदा म्हणाली.

अमुमा माझ्या शेजारी बसली आणि सांगू लागली. तिच्या लहानपणी तिकडच्या स्पॅनिश राजवटीत बास्क नावं ठेवायला बंदी होती. शाळेत, चर्चमध्ये, सगळीकडे तिच्या धाकट्या भावाचं नाव इग्नासिओ. पण संध्याकाळी दार लागलं की आई त्याला एनेको म्हणून हाक मारायची. म्हातारा होऊन गेला तरी घरच्यांचा तो एनेकोच. "बाहेरच्या नावाला मान असतो," ती म्हणाली, "पण माणूस वळून बघतो तो घरच्या हाकेला. तुला बाळ कुणी म्हटलं पहिल्यांदा?"

मी सांगायला तोंड उघडलं आणि माझं मलाच उमगलं. मला बाळ म्हणणारा पहिला माणूस विश्वंभर हाच होता. माझे केस पांढरे झाले तरी वडील मला फोनवर "काय रे बाळ, जेवलास का?" असंच विचारायचे. चक्रपाणी म्हणून त्यांनी मला कधी हाक मारल्याचं आठवत नाही. मारली असती तर मी घाबरलोच असतो. त्यांची आठवण इतकी दाटून आली की मी सगळ्यांसमोर रडलो, आणि मग मुक्ताची माफी मागितली. तिने मला जवळ घेतलं आणि केकवरचा "ए" माझ्या ताटात वाढला.

कानात सांगितलेलं परत घेता येत नाही, असं माइतेचं म्हणणं पडलं. ती अजूनही बाळाला उंच उचलून "विश्वंभर!" अशी आरोळी ठोकते, आणि तो खूश होऊन दूध ओकतो. बाकी सगळ्यांचा तो एनेको. जोशांना मी सांगितलंय की नाव वैदिक नाही, घरगुती आहे. ते म्हणाले, "मला वाटलंच होतं."

फक्त एक घोटाळा होऊन बसलाय. त्या दिवसापासून अमुमा मलाही एनेकोच म्हणते. परवा बॉयसीला जेवणाच्या टेबलावरून तिने "एनेको!" अशी हाक मारली आणि आम्ही दोघांनीही माना वळवल्या. कुणाला बोलावतेय, असं मिकेलने विचारलं, तर म्हणाली, त्यात काय अवघड आहे? रडत असेल तो धाकटा, आणि रुसून बसला असेल तो थोरला.