वनमालाबाईंची कालवं

ग्वाल्हेरच्या एका कॉलेजात वनमाला आपटे भूगर्भशास्त्र शिकवायच्या. निवृत्त झाल्यावर त्या शिंदे की छावनीतल्या घरी खोकं भरून दगड घेऊन आल्या. दगड कसले, समुद्रातल्या शिंपल्यांतली कालवंच ती! धार जिल्ह्यात बाघजवळच्या नाल्यातून विद्यार्थ्यांबरोबर हिंडताना वेचलेली, पार दगड झालेली. चार घरी जिथं चिनी मातीचे कप मांडतात, त्या काचेच्या कपाटात ती ऐटीत बसली.

त्यांचे यजमान भालचंद्रराव म्हणत, "वनू, लोकांना वाटेल बाई सडक खोदून आली."

लेक मधुवंती हिचं मालवणच्या शंतनु पेडणेकरशी जमलं. बोलणी करायला शंतनु आणि त्याची आई शामलाबाई येणार, म्हणून भालचंद्ररावांनी सकाळीच कपाट रिकामं करून कालवं आंगणात नळाशेजारी नेऊन ठेवली. वनमालाबाईंचा चेहरा उतरला.

"आई, प्लीज," मधुवंती म्हणाली, "आज के दिन तरी दगडांवर लेक्चर नको."

"बिलकुल नाही," वनमालाबाईंनी कबूल केलं.

पाहुणे आले. डाळ भरलेली गरम बेढई आणि जिलबी मांडली. शामलाबाई हात धुवायला आंगणात गेल्या त्या परत येईनात. मग एकदम हाक आली, "अगो बाय माझे!"

पाय घसरला की काय म्हणून सगळे धावले. बघतात तर शामलाबाई नळापाशी उकिडव्या बसलेल्या, ओटीत कालवं.

"ही कालवं इथं कशी? इतक्या आत, ग्वाल्हेरात?" एक कालव त्यांनी हातात तोललं. केसातला आकडा काढून त्याच्या फटीत घालून पाहिला. "जड किती! आणि तोंडही उघडत नाही."

आता मात्र वनमालाबाईंना राहवेना. "नऊ कोटी वर्षं मिटलंय ते. आता कसलं उघडतंय!"

मधुवंतीनं कपाळावर हात मारला. पण शामलाबाई तिथंच फतकल मारून बसल्या, मग वनमालाबाईही बसल्या. जमिनीवर डायनासोर हिंडत होते, तेव्हा नर्मदेच्या खोऱ्यात पश्चिमेकडून समुद्र शिरला होता. त्याच्या तळाशी ही कालवं एकमेकांना चिकटून वाढली. मेल्यावर आत चिखल भरला आणि त्याचाही दगड झाला. वनमालाबाई सांगत होत्या आणि शामलाबाई मध्येमध्ये विचारत होत्या.

"ह्यांना खायचं कोण?"

वनमालाबाईंनी एका शिंपल्यावरचं बारीक गोल भोक दाखवलं. "शंखाच्या जातीतला कुणीतरी. भोक पाडून आतलं मांस खाऊन गेला."

"अजून तेच चालतं!" शामलाबाई हरखल्या. "आमच्या खडकांवर अशी भोकं पडलेली कितीतरी सापडतात. लहानपणी मला वाटायचं, माळ ओवायला देवानं पाडलीत."

दोघी खळखळून हसल्या. बेढई गार होऊन गेली.

"एक सांगू?" वनमालाबाई जरा ओशाळून म्हणाल्या. "आख्खी नोकरी कालवं शिकवण्यात गेली, पण जिवंत कालव मी पाहिलेलं नाही. सुट्टी पडली की आम्ही बाघला. समुद्रावर कधी जाणंच झालं नाही."

शामलाबाईंनी ओटीतली कालवं खाली ठेवली. मग म्हणाल्या, "लग्न आमच्याकडे करू. ओहोटी बघून मुहूर्त काढू."

"मुलांना एकदा विचारू तरी?" भालचंद्रराव म्हणाले.

"विचारा की," दोघी एका सुरात म्हणाल्या.

थंडीत लग्न झालं, मालवणलाच. पूजा आटोपल्याच्या दुसऱ्या दिवशी दोघी विहिणी भल्या सकाळी पदर खोचून खडकांवर उतरल्या. शामलाबाईंच्या हातात टोपली आणि छोटी हातोडी. एका खळग्यात पाणी साचलं होतं. काठाशी एक कालव शिंपला किंचित उघडून बसलेलं. वनमालाबाई गुडघ्यांवर बसल्या आणि त्यांनी बोटाचं टोक अलगद लावलं.

शिंपला मिटला.

"मिटलं! शामलाताई, अहो, मिटलं!" त्यांचे डोळे भरून आले होते आणि तोंडभर हसू होतं. ते पुन्हा उघडेपर्यंत त्या श्वास रोखून बसल्या. मग पुढचं कालव, मग त्याच्या पुढचं.

"आता काढू का थोडी, दुपारच्या कालवणाला?" शामलाबाईंनी हातोडी उचलून विचारलं.

"थांबा ना जरा. हे बघा, हे उघडतंय."

भरतीचं पाणी घोट्याला लागलं, तेव्हा दोघी उठल्या. टोपलीत काहीच नव्हतं. शामलाबाईंनी घरी जाऊन वांग्याची भाजी फोडणीला टाकली.