पुकारणाऱ्याची हजेरी

पतसंस्थेच्या शिपायाला सगळे डिंकराव म्हणत, आणि त्याला त्याचा अभिमानच होता. कर्ज थकलं की नोटीस पोचवायची ती त्यानेच. वेळही त्याने अनुभवाने ठरवलेली, भरदुपारची. तेव्हा माणसं कामावर असतात. वाद नाही, रडारड नाही. बंद दारावर डिंक फासायचा, कागद थोपटून बसवायचा आणि अहवालात लिहायचं, 'घर बंद. नोटीस दारावर लावली.'

सुनावणीच्या दिवशी नावं पुकारायचा तोही डिंकरावच. तीन हाका, त्याही एका दमात. कुणी आलं नाही की साहेब 'गैरहजर' लिहीत आणि वसुलीचा हुकूम निघे. साहेब म्हणजे थकबाकीचा निवाडा करायला बाहेरून नेमलेले, अगदी निःपक्षपाती. खोली, पंखा आणि चहा तेवढा पतसंस्थेचा.

एकदा नोटिसांच्या गठ्ठ्यात डिंकरावाचंच नाव निघालं. मेव्हण्याच्या टेम्पोच्या कर्जाला तो जामीन होता. हप्ते थकले, मेव्हण्याने गाव सोडलं, आणि आता जप्ती येणार होती ती जामीनदाराच्या दोन खोल्यांवर.

डिंकराव पेचात पडला. नोटीस हातोहात द्यायची तर देणाऱ्याची आणि घेणाऱ्याची, अशा दोन सह्या लागतात. दोन्ही एकाच माणसाने करणं त्याच्या बुद्धीला पटेना. शेवटी तो भरदुपारी स्वतःच्या घरी गेला. बायको शिलाईच्या कारखान्यात, दाराला कुलूप. किल्ली त्याच्या खिशातच होती. त्याने डिंकाची बाटली काढली.

संध्याकाळी बायको दारातच थांबली. "अहो, हे काय फासून ठेवलंय?"

"बजावणी आहे ती. तुझ्या दादाच्या टेम्पोची."

"टेम्पो तर संस्थेने ओढून नेला. तुम्हीच ढकलत होता ना मागून?"

"विकलाही. पण ते पैसे कर्जातून वजा केलेले दिसत नाहीत."

"मग सांगा की साहेबांना."

"मी तिथे शिपाई असतो गं."

"आणि जामीनदार कोण असतो?"

 डिंकराव नखाने नोटिशीचा कोपरा सोडवत बसला. निघेना. काम चोख होतं.

सुनावणीला साहेबांनी फाईल उघडली आणि मान वर न करता म्हणाले, "पुकार रे."

डिंकराव बाहेर गेला. व्हरांड्यातलं रिकामं बाकडं पाहत त्याने स्वतःचं नाव तीनदा पुकारलं. सवयीने वळला, 'गैरहजर' हा शब्द अगदी ओठांवर आला, आणि तिथेच दोन खोल्या डोळ्यांसमोर उभ्या राहिल्या. त्याने छातीवरचा बिल्ला काढून खिशात टाकला आणि आत येऊन म्हणाला, "हजर आहे, साहेब."

वसुलीचा कारकून उसळला. "साहेब, याच्याच अहवालात घर बंद आहे. मग याला तारीख कळली कशी?"

"मीच लावली ना नोटीस."

"म्हणजे नुसती दारावर लावून कळत नाही म्हणता?" साहेबांनी कारकुनाला विचारलं. कारकून फाईल चाळू लागला. साहेब डिंकरावाकडे वळले. "बसा."

त्या खोलीत त्याला आजवर 'बसा' कुणी म्हटलं नव्हतं. ती खुर्ची तो रोज पुसायचा. ती एका पायाने डुगडुगते हे त्याला त्या दिवशी कळलं. त्याने टेम्पोचं सांगितलं. कुणी ओढला, कुठे उभा केला, कुणी विकत घेतला. कारकुनाने मध्ये तोंड घातलं तेव्हा साहेब म्हणाले, "त्यांचं होऊ द्या."

"विक्रीचा हिशेब पुढच्या तारखेला आणा. तोवर यांच्या घराला हात लावायचा नाही," एवढं लिहून साहेबांनी दुसरी फाईल ओढली. "पुकार रे पुढचा."

पुढचा गादीवाला. डिंकरावाने बिल्ला लावला, बाहेर जाऊन तीन हाका दिल्या. बाकडं रिकामंच. गादीवाल्याच्या दाराला किती मोठं कुलूप होतं ते त्याला आठवलं.

बराच वेळ तो आत आला नाही.

"शिपाई कुठे गेला?" साहेबांनी विचारलं.

कारकुनाने खिडकीतून वाकून पाहिलं. "सायकल काढतोय, साहेब. गादीवाल्याला आणायला निघालाय म्हणतो."

साहेबांनी टेबलावरच्या उरलेल्या फायली पाहिल्या. "सगळ्यांचं ऐकायचं म्हणजे आज संध्याकाळ होणार. चहा तरी सांगा."

"चहा तोच आणतो, साहेब."