एम.के.के. आ गई

नवा रायपूरच्या त्या सरकारी इमारतीत शर्मिष्ठा वानखडे ज्या कक्षाच्या प्रमुख होत्या, तिथं त्या असताना कोणी मोठ्यानं हसत नसे. रजेवर त्यांची सही लागायची आणि ती मिळवणं म्हणजे दगडाला पाझर फोडणं. वडील नोकरीसाठी अकोल्याहून आले, तेव्हापासून हे घर रायपूरचंच. बाई घरी वऱ्हाडी बोलत, ऑफिसात हिंदी. राग आला की मात्र कधी कधी हिंदी पळून जायची.

एका सकाळी दारातून आत शिरताना त्यांनी ऐकलं, "बैठो-बैठो, एम.के.के. आ गई."

त्यांना वाटलं, एखादी नवी योजना आली असेल. तिथं योजनांना अशीच नावं असत. वरच्या मजल्यावर चौकशी केली, तर असं काही नव्हतं. दुपारी पुन्हा कानावर आलं, "एम.के.के. का मूड कैसा है?" योजनेला कसला आलाय मूड?

घरी मेथी निवडता निवडता त्यांनी नवऱ्याला विचारलं. निरंजन रेल्वेतून निवृत्त झालेले, शांत माणूस.

"एम म्हणजे मॅडम असन," ते म्हणाले.

"अन् के के?"

"काय मालूम. तू काहून जिवाले लावून घेऊन राहिली?"

"एम म्हणजे मराठी. मराठी कडवा करेला. जल्म गेला इथं, तरी मी त्यायले परकीच."

निरंजन पेपरमागं गेले. बाईंचं मात्र ठरलं होतं.

दुसऱ्या दिवशी त्या थेट यशदीपच्या टेबलापाशी गेल्या. हा कारकून सगळ्यात तोंडाळ, म्हणून संशय त्याच्यावर.

"मेरी भाषा का मज़ाक उड़ाते हो? लिखकर दूँगी ऊपर. नौकरी जाएगी तुम्हारी."

यशदीप उठून उभा राहिला. "किस बात का मज़ाक, मैडम?"

"एम.के.के. एम मतलब मराठी. समझती नहीं मैं?"

"मैंने नहीं रखा वो नाम."

"तो किसने रखा?"

"मैंने." आवाज खिडकीजवळून आला. रीना साहू. रोज सकाळी न चुकता नमस्ते करणारी, बाकी दिवसभर मान खाली घालून काम करणारी.

"क्या मतलब है उसका?"

रीनानं त्यांच्याकडे पाहिलं आणि मराठीत म्हणाली, "मले काय करायचं."

उच्चार हुबेहूब होता. तो 'मले'वरचा झटकासुद्धा.

"बाबूजी भर्ती थे, मैं छुट्टी माँगने आई थी. आपने यही कहा था. मुझे मराठी नहीं आती, मतलब बाद में पूछा किसी से."

बाईंना ते आठवेना. शोधलं तरी सापडेना. हे वाक्य त्या दिवसातून कितीदा बोलत असतील.

"छुट्टी दी थी मैंने तुमको," त्या म्हणाल्या.

"हव, दूसरे दिन दी थी. तब तक वो जा चुके थे."

काहीतरी बोलायची ती वेळ होती, हे बाईंना कळत होतं. पण त्यांच्या मनात आधी आला तो संतापच. इतके महिने ही पोट्टी समोर बसून नमस्ते करत होती, आणि पोटात हे.

"अपना-अपना काम करो," म्हणून त्या केबिनमध्ये गेल्या.

यशदीपची तक्रार त्यांनी केली नाही. रीनाची दुसऱ्या कक्षात बदली करा, असं सांगायला मात्र त्या वर गेल्या.

"कारण क्या लिखें?" साहेबांनी विचारलं.

बाईंनी तोंड उघडलं. कारण सांगायचं तर ते वाक्य उच्चारावं लागणार होतं, आणि मग त्याचा अर्थही. "रहने दीजिए," म्हणून त्या जिना उतरून आल्या.

रीना खिडकीजवळच राहिली. नमस्ते बंद झालं. दोघींचं बोलणं फाइलीपुरतं, तेही एकमेकींकडे न बघता. आता रीनाला रजा हवी असली की ती अर्ज परस्पर वर देते. हे नियमाला धरून नाही, आणि बाई नियमाच्या पक्क्या. तरी मंजूर झालेला अर्ज खाली आला की त्या न वाचता सही करतात आणि शिपायाच्या हाती देतात.