कोणाची वांव?

नुसता आकडा बघितला की माझं डोकं आजही तडकतं. पाच. पाच काय? फूट, मीटर, की पाच नारळ?

कुडाळच्या एका लहानशा ऑफिसात तेव्हा मी इंजिनिअरांसाठी प्रोग्राम लिहीत असे. पाइपाची जाडी इंचात, लांबी मीटरमध्ये, टाकीची उंची फुटात. कम्प्युटर बापडा सगळ्यांची बेरीज करून मोकळा. म्हणून मी मापांची एक लायब्ररी लिहिली, म्हणजे कुठल्याही प्रोग्रामला जोडता येईल असा तयार कोड. त्यात आकड्याने आपलं माप सोबत आणायचंच. फुटात मीटर मिळवायचे तर आधी ती बदलून घेई, आणि लांबीत वजन मिळवू पाहिलं की थेट अडून बसे. साहेब म्हणाले, परदेशी लायब्रऱ्या तयार मिळतात, उगाच का राबतेस? मिळत होत्या. पण त्यांत वाळू-खडी मोजायचा ब्रास नव्हता, गुंठा नव्हता आणि आमची वांवही नव्हती. मी हट्टाने तिन्ही घातली. वांव म्हणजे दोन्ही हात पसरले की होतं तेवढं अंतर. आमच्या तारकर्लीत पाण्याची खोली त्यातच सांगतात. पुस्तकात वांव सहा फुटांची होती, मीही तेवढीच धरली.

त्याच सुमारास बाबांनी मासेमारी कमी करून पर्यटकांसाठी नवी होडी घेतली. ती पाण्यातच नांगरून ठेवायची होती. दोरी आखूड पडली तर उधाणात नांगर उचलून होडी खडकावर जाणार, लांब झाली तर शेजारच्या होडीवर आदळणार. दोरी किती घ्यायची यावर किनाऱ्यावर ज्याचं त्याचं मत होतं. बाबांनी सगळ्यांसमोर सांगून टाकलं, "दोरी माझा चेडू सांगतला." चेडू म्हणजे मी, त्यांची मुलगी. लोक हसले. चुलीपाशी बसून समुद्र मोजणार, म्हणाले. बाबांची होडी आणि बाबांचा शब्द, दोन्ही आता माझ्या प्रोग्रामवर टांगलेले होते.

बाबांनी शिसं बांधलेली दोरी सोडून खोली मोजली आणि पाच वांव पाणी असल्याचं सांगितलं. दोरीचा हिशेब करणारा प्रोग्राम मी त्याच लायब्ररीवर घरच्या कम्प्युटरवर लिहिला होता. आकडा घातला, माप घातलं, दोरीची लांबी आली. लायब्ररीची काहीच तक्रार नव्हती. तेवढ्यात बाबा खुंटीवरचा शर्ट घालू लागले. तयार शर्टाची बाही त्यांच्या मनगटापर्यंत कधीच पोचत नाही. आणि मला लहानपणापासूनचं भांडण आठवलं. एकाच जागेवर बाबा पाच वांव म्हणत आणि काका सहा. दोघंही खरे, कारण दोरी मोजायची ती आपापले हात पसरून. म्हणून आमच्याकडे खोली सांगताना कोणाच्या वांवेने ते आधी सांगतात. घरातल्या माणसाला मात्र कोण कशाला सांगेल?

सहा फुटांचं माप परदेशी लायब्ररीतही दुसऱ्या नावाने सापडलं असतं. बाबांची वांव फक्त मलाच सापडणार होती. हे मी फुशारकीनेच सांगते आहे.

बाबांना अंगणात उभं केलं, हात पसरायला लावले. टेपचं एक टोक आईने धरलं.

"माका आज शिंपी गावलो," बाबा पुटपुटले.

टेप सहा फुटांच्या चांगलीच पुढे गेली. म्हणजे पाणी मी धरलं होतं त्याहून खोल होतं आणि माझी दोरी आखूड. मी लायब्ररीतले सहा फूट खोडले आणि नवा नियम लिहिला. वांव दिली की प्रोग्राम थांबून विचारणार, कोणाची? उत्तर मिळेपर्यंत पुढे सरकणार नाही. बाबांचं माप घातलं, दोरी वाढली.

पुनवेचं उधाण आलं ते वारा घेऊनच. सकाळी किनाऱ्यावर ही गर्दी. होडी वाऱ्याकडे तोंड करून नांगरावर डुलत होती आणि शेजारची होडी तिच्यापासून लांब, सुखरूप होती. शेजारच्या होडीवाल्याने दोरी किती घेतली म्हणून विचारलं, तेव्हा बाबा सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले, "माझी दोरी तुका कित्याक? आधी तुझे हात मापून घे. माझ्या चेडवाचो कम्प्युटर, कोणाची वांव ता ईचारता."

पुढे कितीतरी जण आमच्या अंगणात हात पसरून उभे राहिले, हसणारेसुद्धा. प्रत्येकाची वांव त्याच्या नावाने माझ्या लायब्ररीत आहे. सगळ्यात वर बाबांची.