सगळ्यांचं ड्रॉइंग, एकटीचं कुलूप

मला वाटलं होतं, मी भोपाळला परत येईन, सिस्टिम बसवीन आणि मग आमच्या डिझाइनच्या हॉलमध्ये दहा-बारा माणसं आपापल्या पडद्यासमोर बसून मिळून एकच यंत्र घडवतील. एकानं पाया सरकवला की दुसऱ्याला तो तिथल्या तिथे सरकलेला दिसेल, तिसरा लगेच त्याप्रमाणे पाइप वळवेल. परदेशात शिकून आले होते ना मी! विषयच हा होता: माणसांनी एकत्र डिझाइन करावं म्हणून कॉम्प्युटरनं काय काय करावं. आणि प्रत्यक्षात दिसलं काय? सप्रेकाका मटार सोलत होते!

ऑफिसात. ड्युटीवर. रद्द झालेल्या ड्रॉइंगवर ढीग घालून.

हसू नका. ते मटार का सोलत होते हे कळल्यावर हसायचं असेल तेवढं हसा.

कारखाना सरकारी, टाउनशिप कारखान्याची आणि मी टाउनशिपची. बाबा तिथूनच रिटायर झाले. त्यामुळे ऑफिसात ज्यांना मी सिस्टिम शिकवत होते, त्यांनी मला सायकल शिकवलेली! सप्रेकाका आमच्या मागच्याच क्वार्टरमध्ये राहतात. डिझाइनमध्ये यंत्राचा पाया त्यांच्याकडे. पाइपांचं काम रईसचाचांकडे. अस्सल भोपाळी माणूस, तोंडात पान आणि वाक्याला 'खां', आपलं 'राव' असतं तसं. आणि सगळ्यांच्या वर नायरसाहेब, जे कमी बोलतात. तेच तर भयंकर.

त्यांनी मला डिझाइनला एक पंप दिला, जवळच्याच मंडीदीपमधल्या एका कारखान्याचा. म्हणाले, "देखो मुग्धा, शुक्रवार शाम को मंडीदीप वाले ड्रॉइंग लेने आएँगे. मिल गया तो तुम्हारा सिस्टम रहेगा. नहीं मिला तो सब पुराने ढंग से. और तुम..."

पुढे बोललेच नाहीत! 'और तुम' काय? त्या 'और तुम'नं माझी झोप उडाली. प्रोबेशनवर होते हो मी.

आता सिस्टिमची एकच गोष्ट समजून घ्या. एकाच भागावर दोघांनी एकदम हात चालवला तर घोळ होतो. म्हणून जो भाग तुम्ही कामासाठी घ्याल, त्याला तुमच्या नावाचं कुलूप लागतं. काम झालं की तो सोडायचा. नुसता कॉम्प्युटर बंद करून चालत नाही, आठवणीनं सोडावा लागतो. लायब्ररीतलं पुस्तक परत करतो तसं. दुसऱ्या कुणी मध्येच तो मागितला, तर पडद्यावर पाटी येते. ती पाटी मी स्वतः, मोठ्या तळमळीनं, हिंदीत लिहिली होती: 'आपके साथी काम कर रहे हैं। कृपया उनके काम का सम्मान करें और प्रतीक्षा करें।'

वर सगळ्यांना बजावलंही. "हॉलभर ओरडून विचारायचं नाही. फोन नाही. सिस्टिम थांबा म्हणाली की थांबायचं!"

सोमवारी नायरसाहेबांना मी अख्खा पंप पडद्यावर फिरवून दाखवला. ते "हूँ" म्हणाले. मी खूश! लगेच टेबलाशी जाऊन पुढच्या कामाला लागले. शुक्रवारी वरचे साहेबलोक येणार होते, त्यांच्यासाठी भाषण आणि स्लाइड्स. विषय? 'टीमवर्क का महत्व'.

मंगळवारी मान वर करून बघते तर हॉल रिकामा. सगळे बाहेर उन्हाला बसलेले. जानेवारीतलं भोपाळचं ऊन म्हणजे काय ते तुम्हाला माहीतच आहे, पण म्हणून इतकं? शेंगदाण्यांच्या टरफलांचा सडा पडलेला. आणि आत सप्रेकाका एकटे, त्यांचे ते मटार.

"काका, पाया झाला?"

"होईल गं. तुझं होऊ दे आधी. घाई नाही, नीट होऊ दे."

घाई नाही! मंडीदीपची गाडी शुक्रवारी दारात येणार आणि ह्यांना घाई नाही!

इतक्यात रईसचाचा डोकावले. "क्यों बिटिया, आज भी बिज़ी?"

"बहुत, चाचा!"

"कब तक चलेगा?"

"शुक्रवार तक तो लगेगा." मी स्लाइड्सबद्दल सांगत होते हो!

चाचांचा चेहरा पडला. बाहेर जाऊन ते काहीतरी म्हणाले आणि उन्हातून एक लांबलचक "अरे खांऽऽ" ऐकू आलं. मला वाटलं, कामाचं नाव काढलं म्हणून कण्हतायत.

घरी आईनं पानात पोळी वाढली. आई म्हणाली, "सप्रेवहिनी भेटल्या होत्या. तुझं केवढं कौतुक! म्हणे सगळा पंप मुग्धा एकटीच करतेय, बाकीच्यांना हातही लावावा लागत नाहीये."

"बघ!" मी ताटावरून उठलेच. "बघ आई, त्यांना माहीतसुद्धा आहे! आणि तरी लाज नाही!"

"जेवून तरी घे."

"सार्वजनिक क्षेत्राचं हेच झालंय!" मी म्हणाले. बाबांनी पेपर चेहऱ्यासमोर आणखी वर धरला. चाळीस वर्षं त्याच क्षेत्रात काढलेला माणूस, करणार काय!

बुधवारी मी हॉलमध्ये खुर्चीवर चढून बोलले. खरंच चढले. हा देश, ही यंत्रं, ही वसाहत कुणी उभी केली, आपल्याच वडीलधाऱ्यांनी ना, मग आज काय झालं आपल्याला? टाळ्या वाजल्या. रईसचाचांनी डोळे पुसले. मग सगळे परत उन्हात गेले.

गुरुवारी दुपारी माझा धीर सुटला. तडक नायरसाहेबांच्या केबिनमध्ये शिरले. "सर, सोमवारपासून कुणी एक रेघ मारलेली नाही! सगळे काम धरून बसलेत!"

"कौन?"

"सगळे, सर! चला, हॉलमध्ये मोठ्या पडद्यावर नावानिशी दाखवते. सिस्टिम खोटं बोलत नाही."

हे वाक्य मी म्हटलं. कुणी बळजबरी केली नव्हती.

मटार, शेंगदाणे, ऊन सोडून सगळे आत आले. नायरसाहेब हाताची घडी घालून उभे. मी पडदा लावला, पंपाच्या सगळ्या भागांची यादी उघडली. प्रत्येक ओळीपुढे लाल कुलूप, कुलपापुढे नाव.

पाया: मुग्धा देशमुख. पाइप: मुग्धा देशमुख. मोटर, झडपा, शिडी, शिडीचा कठडा: मुग्धा देशमुख, मुग्धा देशमुख, मुग्धा देशमुख!

सोमवारी फिरवून दाखवायला म्हणून मी अख्खा पंप कामासाठी घेतला होता. आणि सोडलाच नव्हता! सगळी टीम कुलूपबंद करून मी टीमवर्कवर स्लाइड्स करत बसले होते.

मी यादी पार खालपर्यंत सरकवून पाहिली, नाव काही बदलेना.

"पण..." मी सगळ्यांकडे वळले, "पण कुणी मला बोललं का नाही?"

रईसचाचांनी पान गालात सरकवलं. "बिटिया, हम तो सम्मान कर रहे थे."

"आणि प्रतीक्षा," सप्रेकाका म्हणाले.

नायरसाहेब हसले. मी त्यांना हसताना पहिल्यांदाच पाहिलं, आणि देवाशप्पथ, रागावले असते तर परवडलं असतं. म्हणाले, "छोड़ो अब." मी सोडलं.

मग जे झालं, ते मी परदेशातल्या प्रयोगशाळेतही पाहिलं नव्हतं. सप्रेकाकांनी पाया सरकवला, तो हॉलच्या दुसऱ्या टोकाला चाचांच्या पडद्यावर सरकला, आणि चाचा ओरडले, "अमां सप्रे, मेरा पाइप तुम्हारी टाँग में घुस गया!" "तर वळवा की तो!" "हम क्यों वळवें, तुम सरको!" पाच वाजता भोंगा झाला, कुणी जागचं उठलं नाही. तासाभरात निम्मा पंप जुळला. सिस्टिमही चालत होती आणि घसेही.

मी कोपऱ्यात उभी. कुणाला पाणी हवं का, विचारत होते.

शुक्रवारी मंडीदीपची गाडी ड्रॉइंग घेऊन गेली, हे सांगून टाकते. उगाच जीव टांगणीला नको. पण श्रेय कशाला द्यायचं, ते ऐका. त्या दिवशी सकाळी मी सगळ्यांच्या आधी पोचले होते. निम्मा पंप अजून व्हायचा होता. वाटलं, कुणी यायच्या आत जरा उघडून बघावा, एखादी रेघ आपणही सुधारावी, तेवढीच भरपाई. भाग कामासाठी घ्यायच्या बटणावर बोट ठेवलंसुद्धा. मग उचललं. सिस्टिममध्ये कुणाला काय करता येईल, ते ठरवायचे अधिकार माझ्याकडेच होते. ती यादी उघडली, स्वतःचं नाव शोधलं आणि त्याच्यापुढे ठेवलं: फक्त बघण्याची परवानगी.

माणसांनी एकत्र डिझाइन करावं म्हणून मी जे काही शिकून आले होते ना, त्यातली प्रत्यक्ष कामाला आलेली ही पहिली गोष्ट.