छापून आलेला काशीराम

सुरतेतल्या बमरोलीच्या लूमखात्यात रात्रभर चार माग सांभाळून काशीराम सकाळी बाहेर पडला, की तासभर तरी त्याच्या कानांत खडखडाट चालूच असायचा. त्यामुळे तो बोलताना ओरडायचा आणि ते त्याचं त्याला कळायचं नाही. उधन्याच्या नाक्यावर गुजराती दैनिक घ्यायचं, रेल्वेचं फाटक ओलांडून डिंडोलीची वस्ती गाठायची आणि बुद्धविहाराच्या ओट्यावर बसून ते सगळ्यांना वाचून दाखवायचं, हा त्याचा अठरा वर्षांचा क्रम. पोटात अन्न नाही, डोळ्यांवर झोप, तरी आधी पेपर. बायकोनं बोलून पाहिलं, अबोला धरून पाहिला, शेवटी नाद सोडला.

वाचायचं म्हणजे गुजरातीतलं आपल्या बोलीत सांगायचं. ओट्यावरची म्हातारी मंडळी खानदेशातून आलेली. सुरतेत हाडं झिजली तरी गुजराती अक्षरांशी त्यांची ओळख झाली नव्हती. काशीराम दुकानांच्या पाट्या वाचत वाचत ती लिपी शिकला होता. ओळीखाली बोट धरून वाचायचा, पदरचा शब्द घालायचा नाही आणि छापलेला एकही गाळायचा नाही. साड्यांच्या सेलची जाहिरातसुद्धा! लोक जांभया द्यायचे, हा हटायचा नाही.

चौऱ्याण्णवला, प्लेगच्या साली, निम्मी सुरत गाड्यांना लोंबकळून पळाली. नळाच्या पाण्यात विष कालवलंय अशी आवई उठली. काशीरामनं पेपर पहिल्यापासून शेवटपर्यंत पालथा घातला आणि असं कुठंही छापलेलं नाही म्हणून सांगितलं. वस्तीतली बरीच माणसं त्याच्या शब्दावर थांबली, आणि जगली. तेव्हापासून काशीरामनं वाचल्याशिवाय कुठलीही बातमी खरी धरायची नाही, असा तिथं रिवाजच पडला.

मग सत्त्याण्णवचा जुलै आला. राष्ट्रपतिपदासाठी उभ्या असलेल्या माणसाबद्दल पेपर रोज रकानेच्या रकाने लिहू लागले. केवढा शिकलेला, कुठकुठे राजदूत म्हणून राहिलेला, ते सगळं खाली. जात तेवढी पहिल्या ओळीत. देशाच्या सगळ्यांत मोठ्या खुर्चीवर पहिल्यांदाच एक दलित बसणार होता. ते वाचताना काशीरामचा आवाज आणखी चढायचा. सत्तरी ओलांडलेली रुक्मिणीमावशी सगळ्यांत पुढं बसायची. पारोळ्याकडच्या तिच्या गावात लहानपणी तिच्या ओंजळीत वरून पाणी ओतलं जाई, तेही ओतणाऱ्याच्या मनात आलं तर. ती रोज एकच विचारायची, झाला का तो? काशीराम म्हणायचा, अजून नाही, छापून येऊ दे.

निकालाच्या आदल्या दिवशी त्याच दैनिकाचा बातमीदार फोटोग्राफर घेऊन वस्तीत आला. उद्या पान लवकर छपाईला जाणार, तेव्हा आनंद आजच करून घ्या, असं त्याचं म्हणणं. विहाराचा कारभार बघणाऱ्या सुकदेवनं लगेच पेढे मागवले आणि काशीरामला झोपेतून उठवून आणलं. पेपर वाचणारा कामगार म्हणून बातमीदाराला फोटोत तोच हवा होता. निकालाआधी पेढे कसले वाटायचे, असं काशीराम म्हणून गेला. पण अख्खी वस्ती धुतलेले कपडे घालून उभी होती. एवढ्या लोकांचा हिरमोड करायचं त्राण त्याच्यात नव्हतं. त्यानं पेढा हातात धरला.

यातून तुम्हाला काय मिळणार, असं बातमीदारानं विचारलं. काशीराम म्हणाला, "मिळायचं काय? ते दिल्लीत काम करतील, मी बमरोलीत. बातमी वाचायला मिळेल, तेवढं पुष्कळ झालं." बातमीदारानं वहीत काहीतरी खरडलं आणि तो फटफटीवर बसून निघून गेला.

शुक्रवारी पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत निवडीची बातमी होती. काशीरामनं ती ओट्यावर वाचली. मावशीनं पदर डोळ्यांना लावला आणि परत वाच म्हणाली. त्यानं परत वाचली. मग आतलं पान उलगडलं, तर फोटोत तो स्वतः, हातात पेढा धरून. लोक सरसावून बसले. त्यानं बोट ठेवून वाचायला सुरुवात केली. निकाल कळताच डिंडोलीच्या वस्तीत जल्लोष झाला, असं लिहिलं होतं. कामगार काशीराम डोळ्यांत पाणी आणून म्हणाले, आता आमचं नशीब उघडलं, आता वस्तीत नळ येईल, पक्की घरं मिळतील, साहेबांनी आम्हा गरिबांकडे बघावं.

गाळलं असतं तर ओट्यावर कुणाला पत्ता लागला नसता. पण जिभेला सवय अठरा वर्षांची. वाचून झालं, मग त्याला अर्थ लागला. उभ्या जन्मात तो मालकापुढं कधी रडला नव्हता, आणि इथं त्याच्या नावावर भीक मागून झाली होती. तीही अशा माणसापुढं, ज्याच्याकडून त्याला काही नको होतं. त्याला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"हाई तू बोलना का, काशीराम?" मावशीनं विचारलं. "मी तं तठेच व्हतू. तू रडना बी नही."

"नही मावशी. मी नही बोलनू."

मावशीनं त्या कागदावर बोट ठेवलं. "मंग हाई खोटं शे, तं पहिला पानवरनं बी खोटंच व्हई का?"

सुकदेवनं मध्ये पडून सांगितलं की काल टीव्हीवरही दाखवलं. त्या डब्यावर मावशीचा काडीचा भरवसा नव्हता; त्यात मेलेली माणसं दुसऱ्या दिवशी गाणी म्हणतात. ती काशीरामच्याच तोंडाकडे बघत होती. पदर अजून ओला होता.

एका कागदावर, एकाच शाईत, अर्धं खरं आणि अर्धं खोटं कसं असतं, हे तिला समजावायचं तर आधी ते त्याला स्वतःला समजायला हवं होतं. डोळे चुरचुरत होते. अंगात नुसता थकवा भरला होता.

"बोलनू व्हतू मी, मावशी," तो म्हणाला. "गर्दीमा तुले ऐकू उनं नही."

"आनि रडना बी?"

"हां. रडनू बी."

मावशीचा जीव भांड्यात पडला. मग खरं आहे तर, असं म्हणून तिनं पदर खोचला आणि पुढं वाच म्हणाली. काशीरामनं बोट खालच्या बातमीवर नेलं. पांडेसऱ्याच्या एका कारखान्यात यंत्रात सापडून एका कामगाराचा हात गेला होता. चूक माझीच होती, मालकाचा कसलाही दोष नाही, असं त्या कामगारानं दवाखान्यात सांगितल्याचं छापलं होतं.

काशीराम थांबला. अशा बातम्या त्यानं अठरा वर्षांत किती वाचल्या होत्या, आणि ओट्यानं त्या सगळ्या खऱ्या धरल्या होत्या.