शेवटच्या बंडीपर्यंतचा आवाज

७ नोव्हेंबर २०२३ रोजी रुखमिणी भुरेच्या खात्यात कर वजा जाता चार हजार पन्नास रुपये जमा झाले. रक्कम मोठी नव्हती. पण हिंदी चित्रपटांत एकोणतीस वर्षे काम करून आजवर मिळाले ते चेहऱ्याचे. आवाजाचे हे पहिलेच.

रुखमिणी कोंढा गावची. दिवाळीनंतर तिकडे गावोगावी मंडई, म्हणजे जत्रा, भरते; तिथल्या नाटकांत ती सतराव्या वर्षापासून उभी राहिली. मंडपात जागा न मिळालेले लोक मागे बंड्या, म्हणजे बैलगाड्या, सोडून त्यांवरच बसत. "शेवटच्या बंडीवरची म्हातारी रडली पाह्यजे," कंपनीचे मालक गोमाजी सांगायचे. म्हातारी रडायची.

मुंबईला गेल्यावरही रुखमिणी त्याच म्हातारीसाठी बोलली. पहिल्या चित्रपटात तिला नायकाला चहा द्यायचा होता. डबिंगच्या वेळी काचेपलीकडच्या माणसाने हेडफोन काढून ठेवले. "बाई, चहा देताय की दवंडी?" त्याने विचारले. तिने हळू बोलून पाहिले, तर बोलण्यातला जीवच जाई. शेवटी दुसऱ्या बाईचा आवाज घातला, आणि तीच पद्धत पडली. नर्स, शेजारीण, नायकाची मावशी. चेहरा रुखमिणीचा, आवाज कोणाचाही. घरभाडे सुटत होते. तिने मनाला लावून घेतले नाही.

पुढे काचबिंदूने तिच्या आईची, पार्वताबाईंची, नजर गेली. लेकीचा सिनेमा लागला की त्या टीव्हीजवळ खाट ओढून घ्यायला लावत आणि कान देऊन बसत.

"तू कवा येतेस?"

"आली न माय. आता पाणी देली थे मीच."

"थे कोनी दुसरीच होय." मग थोड्या वेळाने, "बत्तीस सिनेमे केले तुनं, एकातही बोलली नाईस. लहानपनी तं तोंड थांबत नोयतं तुयं."

हे मात्र रुखमिणीला लागले. आई ब्याऐंशीची होती. एकदा तरी तिने पडद्यावरच्या लेकीला ओळखावे, एवढेच तिला हवे होते. तेहतिसाव्या चित्रपटात खेड्यातल्या आईची भूमिका आली, तेव्हा तिने दिग्दर्शकाला प्रथमच अट घातली, की आवाज माझाच राहील. माईकपुढे उभी राहून तिने डोळे मिटले. बंडीवरची म्हातारी तिने उठवली आणि खाटेवर, अगदी हाताच्या अंतरावर, स्वतःची आई बसवली. मग तिच्याशी बोलल्यासारखी बोलली. या वेळी काचेपलीकडे कोणी हेडफोन काढले नाहीत.

मंडईसाठी ती कोंढ्याला आली. पाहुण्यांनी घर भरले होते, टीव्हीपुढे पोरे क्रिकेट पाहत होती. भाची शुभांगीने मोबाइलवर तो नवा चित्रपट लावला आणि मोबाइल आजीच्या उशाशी ठेवला. रुखमिणी खाटेच्या पायथ्याशी बसली.

पाऊण तास गेला. पार्वताबाईंचा डोळा लागल्यासारखा वाटला.

"आत्या, उठवू का आजीले?"

"राहू दे."

तेवढ्यात मोबाइलमधून आवाज आला, "बैठ बेटा, थाली लगाती हूँ।"

पार्वताबाईंनी मान वळवली. मोबाइलकडे नव्हे, पायथ्याकडे.

"लाव न मंग. भूक लागली कवाची. अन् आईसंग हिंदी काहून बोलून राहिली तू?"

शुभांगी हसू लागली. "आजी, थे आत्या नोय बोलली, सिनेमा बोलला."

"मले नको शिकवू. माही पोरगी ओळखू येते मले."

रुखमिणी उठली, चुलीपाशी गेली, भात आणि लाखोळीच्या डाळीचे वरण ताटात घेऊन आली. आईचा हात धरून ताटाच्या कडेला लावला.

"जेव, माय," ती म्हणाली.

"आता कसी बोलली," पार्वताबाई म्हणाल्या आणि भात कालवू लागल्या.

चित्रपटासाठी शुभांगीने मोबाइलचे रिचार्ज स्वतःच्या पैशाने केले होते. ते दोनशे एकोणचाळीस रुपये रुखमिणीकडून यायचे बाकी आहेत.